साडेदहाचं शटर

मुंबईत दारू किती वाजेपर्यंत मिळते, असं कुणी नवख्याने विचारलं तर मुंबईकर आधी उलट विचारतो, "काय घ्यायचंय? बसून प्यायचीय की घरी न्यायचीय?" तेवढं कळल्याशिवाय उत्तर देताच येत नाही, कारण या शहरात दारूची एकच वेळ नाही. देशी, विदेशी आणि बसून घ्यायची, अशा तिघींची घड्याळं वेगवेगळी आहेत आणि तिन्ही सरकारने लावून दिलेली आहेत.

'सरकारमान्य देशी दारूचे दुकान' ही पाटी ज्याच्यावर असते ते दुकान सकाळी 8 वाजता उघडतं आणि रात्री 11 वाजता मिटतं. सीलबंद बाटल्या विकणारं विदेशी मद्याचं दुकान सकाळी 10 ते रात्री साडेदहा. याला सगळं शहर 'वाइन शॉप' म्हणतं, जरी तिथे वाइन मागणारं गिऱ्हाईक एखादंच दिसत असलं तरी. आणि परमिट रूम सकाळी साडेअकरा ते मध्यरात्र उलटून दीड. सरकारी भाषेत यांची नावं अनुक्रमे सीएल-3, एफएल-2 आणि एफएल-3. धंद्यातली माणसं आपसात बोलताना हेच आकडे वापरतात. "त्याचं एफएल-3 आहे" म्हटलं की समोरच्याला दुकानाचा प्रकार, वेळ आणि साधारण ऐपतही कळते.

या वेळा नीट पाहिल्या तर त्यात शहराची उतरंड दिसते. सगळ्यात स्वस्त दारू सगळ्यात आधी मिळू लागते. रात्रपाळी करून परतणारा, पहाटे बाजारात हमाली केलेला, गटारात उतरून आलेला माणूस सकाळी आठ-नऊला देशीच्या दुकानासमोर उभा असतो. त्याची संध्याकाळ तेव्हा झालेली असते. उलट टोकाला, रात्री साडेदहानंतर ज्याला प्यायची आहे त्याच्यापुढे कायदेशीर मार्ग जवळपास एकच उरतो, परमिट रूममध्ये पेगच्या भावाने पिणं. तिथे तीच दारू दुकानापेक्षा कितीतरी महाग पडते. म्हणजे पुढचे तीन तास पिण्याचा हक्क हा ज्याच्या खिशाला झेपेल त्याचा. नियम करणाऱ्यांनी हे असंच योजलं होतं असं मी म्हणणार नाही, पण घडतं मात्र असंच.

आता खरी गंमत पुढे आहे. ज्या कायद्याखाली या वेळा ठरतात तो मद्यविक्रीचा कायदा नाही. तो दारूबंदीचा कायदा आहे.

मुंबई दारूबंदी कायदा 1949 सालचा. आता त्याच्या नावात 'मुंबई'च्या जागी 'महाराष्ट्र' आलं आहे, पण सांगाडा तोच. हा कायदा दारू बनवणं, विकणं, बाळगणं, नेणं-आणणं आणि पिणं या सगळ्याला मनाई करतो आणि मग सांगतो की परवाना असेल तर चालेल. सिडनीत दारूविक्री मुळात कायदेशीर आहे आणि रात्रीचे काही तास तिला मज्जाव आहे. महाराष्ट्रात मुळात मज्जाव आहे आणि दिवसाचे काही तास त्याला सूट आहे. व्यवहारात दोन्हीकडे शटर खाली येतं ते सारखंच, पण सूट देणारा हात ती कधीही आखडती घेऊ शकतो आणि मुंबईत तो घेतोही.

बंदीची पहिली फेरी याहून जुनी आहे. 1 ऑगस्ट 1939 रोजी बाळासाहेब खेरांच्या काँग्रेस सरकारने मुंबई शहरात दारूबंदी लागू केली. अबकारी खात्याचे मंत्री डॉ. गिल्डर, स्वतः पारशी, पेशाने हृदयरोगतज्ज्ञ. शहरातली बरीच दारूची दुकानं पारशी मालकांची असल्याने त्यांच्याच समाजातून मोठा विरोध झाला. अबकारीचं उत्पन्न बुडणार म्हणून शहरातल्या मालमत्तांवर नवा कर बसला, त्यावरून वेगळाच गदारोळ उठला. पण काही महिन्यांतच महायुद्धाच्या प्रश्नावर काँग्रेसची मंत्रिमंडळं बाहेर पडली आणि त्या प्रयोगातला जोर गेला. स्वातंत्र्यानंतर तो दुप्पट हट्टाने परत आला. 6 एप्रिल 1950 पासून सगळ्या मुंबई राज्यात पूर्ण बंदी आली. तेव्हा गृहमंत्री होते मोरारजी देसाई. पुढच्याच वर्षी प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं. बलसारा खटला म्हणून कायद्याचे विद्यार्थी आजही तो पाठ करतात. न्यायालयाने औषधं आणि प्रसाधनांतल्या अल्कोहोलवरची बंदी उडवली, बाकी कायद्याचा गाभा शाबूत ठेवला.

पूर्ण बंदीच्या काळात दारू घ्यायची वेळ कोणती होती? चोवीस तास. हे थट्टेने म्हटलेलं नाही. जो धंदा मुळातच बेकायदा, त्याला बंद व्हायची वेळ कोण सांगणार? वांद्रे, माहीम, धोबीतलाव अशा भागांत घरातल्या पुढच्या खोलीत दोन बाकं टाकून दारू देणाऱ्या 'आंटी' याच काळात मुंबईच्या बोलण्यात आल्या. काळा गूळ आणि नवसागर घालून हातभट्टी लागायची, माल मोटारीच्या ट्यूबमध्ये भरून शहरात यायचा. वरदराजन मुदलियारसारख्या टोळीप्रमुखांचं साम्राज्य या ट्यूबांवर उभं राहिलं. दार वाजवलं की काम भागायचं, मग रात्रीचे दोन वाजलेले असोत की दुपारचे.

साठच्या दशकात वसंतराव नाईकांच्या सरकारने ही बंदी सैल करायला घेतली. परवाने सहज मिळू लागले. मग 1973 मध्ये महाराष्ट्र देशी दारू नियम आले आणि हातभट्टीला उत्तर म्हणून सरकारमान्य देशी दुकानात येऊन बसली. कायदा मात्र कुणी रद्द केला नाही. 1960 मध्ये राज्याचे दोन तुकडे झाले तेव्हा तोच कायदा गुजरातच्याही वाट्याला गेला होता. तिकडे आजही बंदी आहे, इकडे साडेदहापर्यंत सूट. एकाच कायद्याने दोन राज्यांत असे दोन संसार थाटले, हे मला त्या कायद्याबद्दलचं सगळ्यात बोलकं सत्य वाटतं.

बंदीतली सूट म्हटली की कागद आला. महाराष्ट्रात दारू प्यायची तर पिणाऱ्याकडेही परवाना हवा. विदेशी दारूसाठी एका दिवसाचा 5 रुपये, देशीसाठी 2 रुपये. वर्षभराचा 100 रुपये, आजन्म 1000 रुपये. वय बिअर आणि वाइनसाठी 21, त्याहून कडक दारूसाठी 25. म्हणजे मत द्यायला आणि संसार मांडायला चालणारा तेवीस वर्षांचा माणूस परमिट रूममध्ये व्हिस्की मागू लागला तर कायद्याने लहान ठरतो. एकदिवसीय परवान्याची पुस्तकं दुकानात असतात, मालक त्यांचा हिशेब महिन्याअखेरी जुळवतो. गिऱ्हाइकाला मात्र आपण परवानाधारक झालो याचा पत्ताही नसतो. मे 2020 मध्ये टाळेबंदीत घरपोच दारू सुरू झाली आणि ती परवानाधारकालाच मिळेल असं ठरलं, तेव्हा आयुष्यभर पीत आलेल्या कितीतरी लोकांना आपल्याकडे असा काही कागद असायला हवा होता हे पहिल्यांदा कळलं.

परवाना कुणी विचारत नाही आणि वेळ मात्र काटेकोर पाळली जाते, याचं कारण रस्त्यावर उभं राहिलं की समजतं. रात्री सव्वादहाला एखाद्या उपनगरी स्टेशनाबाहेरच्या वाइन शॉपपाशी जा. दुकानाच्या तोंडाला लोखंडी जाळी, तिच्यात हात जाईल एवढी चौकोनी फट. फटीसमोर रांग नसते, अर्धगोल असतो. पाठीवर ऑफिसची बॅग, हातात आधीच मोजून ठेवलेल्या नोटा किंवा स्कॅन करायला सरसावलेला मोबाइल. "एक क्वार्टर", "दोन बिअर, थंड आहे ना?", "खंबा दे, पिशवी नको". आतली पोरं भाव तोंडपाठ असल्यासारखी बोलतात, बाटली वर्तमानपत्रात एकाच वळशात गुंडाळतात. दहा पंचविसाला कुणीतरी आतून बाहेरचा दिवा घालवतो. शटर कमरेपर्यंत येतं, मग गुडघ्यापर्यंत, आणि वाकून हात घालणाऱ्यांची शेवटची झुंबड उडते. साडेदहाला कुलूप. बाजूच्या चणेवाल्याचाही धंदा त्याच मिनिटाला आटोपतो. समोरच्या नाक्यावर मोटरसायकलवर बसलेला हवालदार हे सगळं जागेवरून न हलता पाहू शकतो. माणसाच्या खिशात परवाना आहे की नाही हे त्याला लांबून दिसत नाही. शटर वर आहे की खाली, हे पलीकडच्या फुटपाथवरूनही दिसतं. ज्या नियमाची तपासणी फुकटात होते तोच नियम टिकतो. 1949 च्या कायद्याचा बराचसा भाग कागदावर राहिला आणि घड्याळ तेवढं रस्त्यावर आलं, ते याच कारणाने.

आता शेवटच्या त्या पंधरा मिनिटांविषयी. वेळ आखली की तिच्या कडेला गर्दी होते, आणि या गर्दीचा जगातला सगळ्यात मोठा धडा सिडनीने घेतला. पहिल्या महायुद्धाच्या काळात, फेब्रुवारी 1916 मध्ये, सिडनीजवळच्या छावणीतल्या सैनिकांनी कवायतीच्या वाढीव तासांविरुद्ध बंड केलं, लिव्हरपूल गावातले पब लुटले आणि आगगाडीने शहरात येऊन धुमाकूळ घातला. सेंट्रल स्टेशनवर गोळीबारात एक सैनिक मेला. चार महिन्यांनी, जूनमध्ये, न्यू साउथ वेल्समध्ये सार्वमत झालं आणि लोकांनी पब संध्याकाळी सहाला बंद करायचं ठरवलं. हेतू असा की कामगार सुटला की सरळ घरी जाईल.

तो सरळ पबमध्ये गेला. पाचला कारखाना सुटायचा, सहाला पब मिटायचा, मधल्या तासात जेवढी पोटात जाईल तेवढी तो रिचवायचा. मालकांनी खुर्च्या, टेबलं, बिलियर्ड हलवून उभ्याने पिण्याची जागा वाढवली. भिंतींना फरशा लावल्या, म्हणजे नंतर पाण्याने धुता येतील. या तासाला तिकडे 'सिक्स ओ'क्लॉक स्विल' असं नाव पडलं. जनावरांपुढे ओतायचं उष्टं-खरकटं त्याला तिकडे 'स्विल' म्हणतात. युद्ध संपलं तरी ही सोय राहिली, आणि चोरटी दारू विकणाऱ्यांचे सुगीचे दिवस आले. न्यायमूर्ती मॅक्सवेल यांच्या आयोगाने पन्नासच्या दशकात सगळं चव्हाट्यावर आणलं, 1954 मध्ये पुन्हा सार्वमत झालं आणि 1 फेब्रुवारी 1955 पासून वेळ दहापर्यंत गेली. तरीही सुरुवातीला साडेसहा ते साडेसात पब बंदच ठेवायचे, माणसं जेवायला घरी जावीत म्हणून. ती आशा सरकारने इतक्या वर्षांनीही सोडली नव्हती.

पण याच सिडनीचा दुसरा धडाही सांगायला हवा, नाहीतर हा प्रकार एकतर्फी होईल. फेब्रुवारी 2014 मध्ये, रस्त्यावरच्या मारहाणीत तरुणांचे जीव गेल्यावर, शहराच्या मध्यभागात आणि किंग्ज क्रॉस या भागात नवे नियम आले. रात्री दीडनंतर बारमध्ये नव्या माणसाला प्रवेश नाही, तीननंतर ग्लास भरायचा नाही. आणि राज्यभर बाटल्यांची दुकानं दहाला बंद. राज्याच्याच गुन्हे-आकडेवारी विभागाने पाहणी केली तेव्हा किंग्ज क्रॉसमध्ये मारहाणीच्या घटना 32 टक्क्यांनी, मध्यभागात 26 टक्क्यांनी घटलेल्या दिसल्या. मग बारवाले, गाणारे-वाजवणारे आणि पर्यटनवाले ओरडू लागले की शहराची रात्र मेली. जानेवारी 2020 मध्ये मध्यभागातले हे निर्बंध उठले, पुढच्या वर्षी किंग्ज क्रॉसमधले. मला यातून दिसतं ते एवढंच की संध्याकाळी सहाची मर्यादा आणि पहाटे तीनची मर्यादा यांना एकाच मापाने मोजता येत नाही. पहिली माणसाच्या दिवसाच्या ऐन मध्यात येते, दुसरी त्याच्या शेवटी.

मुंबईचं साडेदहा या दोहोंच्या मध्ये कुठेतरी बसतं. लोकलने घर गाठायला ज्याला दीड तास लागतो त्याच्या दृष्टीने ते सिडनीच्या सहाच्या जवळ आहे.

घड्याळाच्या जोडीला कॅलेंडर. 26 जानेवारी, 15 ऑगस्ट, 2 ऑक्टोबर, आषाढी एकादशी, अनंत चतुर्दशी, असे 'ड्राय डे' सगळ्यांना पाठ असतात, आणि त्यांच्या आदल्या रात्री वाइन शॉपपुढे दुप्पट गर्दी असते. कायद्याच्या कलम 142 ने जिल्हाधिकाऱ्याला शांतता राखण्यासाठी दुकानं बंद ठेवायचा अधिकार दिला आहे. मुंबईला जिल्हाधिकारी दोन, एक शहराचा आणि एक उपनगरांचा. त्यामुळे आदेशही दोन निघतात.

निवडणुकीचं गणित वेगळं. 1951 च्या लोकप्रतिनिधित्व कायद्यातलं कलम 135 सी सांगतं की मतदान संपायच्या वेळेआधी सलग 48 तास दारूविक्री बंद. मोजणी उलटीकडून आहे, हे लक्षात घ्यायला हवं. 20 नोव्हेंबर 2024 ला विधानसभेचं मतदान संध्याकाळी सहाला संपणार, म्हणून 18 तारखेच्या संध्याकाळी सहाला शटर खाली. शिवाय मतमोजणीचा दिवस. त्याच वर्षी लोकसभेची मतमोजणी 4 जूनला होती. दोन्ही जिल्हाधिकाऱ्यांनी तो अख्खा दिवस कोरडा जाहीर केला तेव्हा 'आहार' ही हॉटेलमालकांची संघटना उच्च न्यायालयात गेली. निकाल जाहीर झाल्यावर बंदी कशासाठी, हा त्यांचा साधा सवाल. न्यायालयाने तो मान्य केला आणि निकालानंतर विक्रीला मोकळीक दिली. जिंकलेल्यांना आणि हरलेल्यांना, दोघांनाही त्या संध्याकाळी दुकान उघडं मिळालं.

याच्या अगदी उलट टोकाला डिसेंबरचा शेवट. 24, 25 आणि 31 डिसेंबरला सरकार दरवर्षी खास आदेश काढतं. वाइन शॉप रात्री एकपर्यंत, परमिट रूम पहाटे पाचपर्यंत. 1949 चा दारूबंदी कायदा आणि पहाटे पाचचा बार एकाच आदेशात गुण्यागोविंदाने नांदतात, कारण आदेश त्याच कायद्याखाली निघतो. यात ढोंग आहे असं कुणी म्हणालं तर मी वाद घालणार नाही. फक्त त्याने राज्याच्या तिजोरीकडेही एकदा पाहावं. जून 2025 मध्ये मंत्रिमंडळाने विदेशी मद्यावरचं उत्पादन शुल्क निर्मितीखर्चाच्या तिपटीवरून साडेचारपट केलं, आणि 180 मिलीलीटर देशीची किमान किंमत 80 रुपये झाली. दारू महाग करता येते, तिची वेळ एका रात्रीपुरती वाढवता येते. बंदी मात्र काढताही येत नाही आणि पुरती पाळताही येत नाही.

जानेवारी 2020 मध्ये 'मुंबई चोवीस तास'ची घोषणा झाली तेव्हा हे उघड झालं. मॉल, दुकानं, खाण्याची ठिकाणं रात्रभर उघडी ठेवायला परवानगी. बार आणि पबना मात्र दीडचीच मर्यादा. ऑक्टोबर 2025 मध्ये राज्यभरासाठी पुन्हा स्पष्टीकरण निघालं, तेव्हाही दारू देणारी ठिकाणं बाहेरच राहिली. बारच्या आतही एकच घड्याळ नाही. डान्स बारच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी 2019 मध्ये बऱ्याच अटी उडवल्या, पण नाचाची वेळ संध्याकाळी सहा ते रात्री साडेअकरा हीच कायम ठेवली. म्हणजे साडेअकराला नाच थांबायचा आणि पेग दीडपर्यंत चालू.

वेळेने जे साधतं त्यालाही हद्द आहे. डिसेंबर 2004 मध्ये विक्रोळीत विषारी दारूने ऐंशीहून अधिक माणसं मेली, जून 2015 मध्ये मालाडच्या मालवणीत शंभराहून अधिक. दोन्ही वेळी देशीची सरकारमान्य दुकानं शहरात होती, त्यांची वेळही भरपूर होती. मेलेल्यांना घड्याळ नडलं नव्हतं. त्यांना किंमत नडली होती. मिथेनॉल मिसळलेली पिशवी दुकानातल्या बाटलीपेक्षा काही रुपयांनी स्वस्त पडत होती.

सामान्य माणसाला या सगळ्यात एका ठिकाणी थेट बोलता येतं. 2008 च्या आदेशाने गावांना आणि शहरांतल्या प्रभागांना दुकान बंद करण्यासाठी मतदान मागता येतं. महिला मतदारांपैकी किंवा एकूण मतदारांपैकी एक चतुर्थांश जणांनी सह्या केल्या, त्या उत्पादन शुल्काच्या अधिकाऱ्यांनी तपासल्या, की गुप्त मतदान होतं. मतपत्रिकेवर उमेदवार दोनच, उभी बाटली आणि आडवी बाटली. यादीतल्या निम्म्याहून अधिक महिलांची मतं आडवीला पडली तर दुकान जातं. मतदानाला न आलेल्या बाईचं मत अशा रीतीने उभ्या बाटलीच्या पारड्यात धरलं जातं, म्हणून आंदोलन करणाऱ्या बायका त्या दिवशी सकाळपासून घरोघर फिरून एकेकीला बाहेर काढतात. यातल्या बऱ्याच जणींशी बोललं की कळतं, त्यांची पहिली तक्रार दुकान आहे ही नसते. दुकान सकाळी मुलं शाळेला निघतात तेव्हा उघडतं आणि त्यांचे नवरे कामावरून येतात तेव्हाही उघडंच असतं, ही असते. पण दुकान दहाला उघडा, आठला बंद करा, असा पर्याय त्या मतपत्रिकेवर नाही. वेळ मंत्रालयात ठरते.